बाबांचं अन्न सुटलंय, आता काय करायचं?

ताई, तुमचा प्रश्न दोनदा वाचला. वडील 74 वर्षांचे, फुफ्फुसाचा कॅन्सर हाडांत आणि यकृतात पसरलेला. केमो थांबवून तीन आठवडे झाले. डॉक्टरांनी 'आता घरी न्या, आरामात ठेवा' असं सांगून दुखण्यावर मॉर्फिनच्या गोळ्या लिहून दिल्या. चार दिवसांपासून ते दोन चमचे पेजेच्या वर काही घेत नाहीत. आत्या म्हणतात, 'माझ्या भावाला उपाशी मारताय, ॲडमिट करा, नाकातून नळी घाला, निदान सलाईन तरी लावा.' भाऊ म्हणतो, मॉर्फिनचं व्यसन लागेल आणि बाबा चार दिवस आधीच जातील. बाबांना आजार किती पसरलाय हे कोणी सांगितलेलं नाही. तुम्ही विचारलंय की नळी घालावी का आणि गोळी द्यावी का.

मी परिचारिका आहे. आठ वर्षं आयसीयूत काढली आणि गेली 17 वर्षं पुणे-सातारा भागात घरोघरी जाऊन पॅलिएटिव्ह केअरचं, म्हणजे बऱ्या न होणाऱ्या आजारात माणसाचा त्रास कमी करायचं, काम करते. बाबांना मी पाहिलेलं नाही, त्यामुळे खालच्यापैकी काही गोष्टी तुमच्या डॉक्टरांना विचारूनच ठरवाव्या लागतील. तरीही मोकळेपणाने लिहिते, कारण मला दिसतंय की तुमचा खरा प्रश्न नळीचा नाही. 'आपण बाबांसाठी करायचं ते करतोय, की हात आखडता घेतोय,' ही टोचणी आहे. ती आत्यांच्या बोलण्यातही आहे आणि भावाच्या भीतीतही.

आधी एक तपासणी करा, कारण खाणं बंद झालं की प्रत्येक वेळी शेवटच आला असं नसतं. टॉर्च घेऊन बाबांचं तोंड बघा. जिभेवर, गालांच्या आत दह्यासारखे पांढरे डाग दिसले तर ती बुरशी असते. तिने घास गिळताना आग होते, आणि ती साध्या औषधाने काही दिवसांत हटते. संडासला होऊन किती दिवस झाले? पाच-सहा दिवस झाले असतील तर कोणालाच जेवण जाणार नाही. मळमळ आहे का? त्यावर औषध आहे. हाडांत पसरलेल्या कॅन्सरमध्ये कधीकधी रक्तातलं कॅल्शियम वाढतं, मग माणूस गुंगीत जातो, असंबद्ध बोलतो, खाणं सोडतो. तेही एका रक्ततपासणीत कळतं. त्यावर उपचार करायचे की नाही, हे माणूस त्याआधी कसा होता यावर ठरतं.

म्हणून मी घरच्यांना नेहमी विचारते, मागच्या महिन्यात काय करत होते? मागच्या आठवड्यात? परवा? बाबा दोन दिवसांपूर्वीपर्यंत अंगणात खुर्ची टाकून बसत होते आणि अचानक कोसळले असतील तर कारण शोधायला हवं. पण महिन्यापूर्वी अंगणापर्यंत, पंधरा दिवसांपूर्वी न्हाणीपर्यंत आणि आता कुशीवर वळायलाही माणूस लागतो, असा उतार असेल तर तो आजाराचा उतार आहे. आमच्या कामात एक ढोबळ अंदाज असतो. महिन्यामहिन्याने फरक पडत असेल तर हातात महिने असतात, आठवड्याआठवड्याने पडत असेल तर आठवडे, आणि रोज सकाळी माणूस कालच्यापेक्षा खाली गेलेला दिसत असेल तर दिवस. हा अंदाज चुकतोही. तुमच्या लिहिण्यावरून मला दुसरी किंवा तिसरी परिस्थिती वाटते आणि पुढचं सगळं तसं धरून लिहितेय.

आपल्याकडे जुनी माणसं म्हणायची, 'त्यांची अन्नावरची वासना उडाली.' त्यात तक्रार नसायची, घरातल्यांना इशारा असायचा. या शब्दांत वैद्यकीयदृष्ट्या काहीही चुकीचं नाही. कॅन्सर असा पसरलेला असतो तेव्हा शरीरात अशी द्रव्यं सुटत राहतात की भूकच मरते, स्नायू झिजतात आणि पोटात गेलेलं अंगी लागत नाही. नळीतून दूध, अंडं, प्रोटीनची पावडर काहीही घातलं तरी ती झीज थांबत नाही. होतं काय, तर पोट फुगतं, उलटी येते, अन्न श्वासनलिकेत उतरून न्यूमोनिया होतो. बाबा खात नाहीत म्हणून खालावत नाहीयेत. शरीर आवरतं घेतंय म्हणून खाणं सुटतंय. या अवस्थेतल्या बहुतेक माणसांना भूक लागतच नाही, हे मी शेकडो बिछान्यांशेजारी बसून विचारलंय. 'भूक लागलीय का?' याला मान हलते ती नकारार्थी. 'तोंड कोरडं पडलंय का?' याला मात्र जवळजवळ सगळे हो म्हणतात.

नळीच्या मी विरोधात नाही. तोंडाच्या किंवा घशाच्या कॅन्सरमध्ये माणसाला सणकून भूक असते, चालतोफिरतो, पण गिळता येत नाही. तंबाखूमुळे आपल्याकडे असे रुग्ण खूप आहेत. त्यांच्यासाठी नळी हा मोठा आधार असतो, आणि नळी असलेली कितीतरी माणसं मी महिनोन्महिने घरी सांभाळली आहेत. पक्षाघातानंतरही तिचा उपयोग होतो. तुमच्या बाबांची गोष्ट तशी नाही.

हे मला फार उशिरा कळलं. मी आयसीयूत असताना माझे सासरे जठराच्या कॅन्सरने शेवटच्या टप्प्यात आले. घरातली नर्स मीच, म्हणून सगळे माझ्याकडे बघत होते. मी हट्टाने त्यांना ॲडमिट केलं आणि नळी मी स्वतः घातली. ते ती उपटायला बघायचे, म्हणून हात बँडेजने पलंगाला बांधले. तेही मीच. नवव्या दिवशी ते गेले. त्या नऊ दिवसांत ते माझ्याशी एकच पूर्ण वाक्य बोलले, 'सूनबाई, घोटभर चहा दे.' मी म्हटलं, तोंडातून काही द्यायचं नाही, डॉक्टर रागावतील. त्यांनी पुन्हा मागितला नाही. मी आयसीयू सोडून या कामात आले त्याला ते वाक्य कारण आहे. तुम्हाला घाबरवायला हे लिहीत नाही. 'सगळं केलं' असं पुढे वाटावं म्हणून आपण जे करतो, ते दरवेळी त्या माणसासाठी असतंच असं नाही, एवढंच सांगायचंय.

सलाईनबद्दल मी इतकी ठाम नाही. जुलाब-उलट्या झाल्या असतील, ताप असेल किंवा पाणी कमी पडून भ्रम झाला असेल तर थोडं सलाईन देऊन बघण्यात अर्थ असतो. शीर मिळत नसेल तर पोटाच्या किंवा मांडीच्या कातडीखाली बारीक सुई ठेवून सावकाश देता येतं, तेही घरी. पण सलाईनने 'ताकद येते' ही समजूत आत्यांच्या मनातून हळूच काढा. अर्ध्या लिटरच्या साध्या सलाईनमध्ये साडेचार ग्रॅम मीठ असतं, बाकी पाणी. 5 टक्के डेक्स्ट्रोजच्या तेवढ्याच बाटलीत 25 ग्रॅम साखर असते, म्हणजे पाच-सहा चमचे. शेवटच्या दिवसांत मूत्रपिंडं मंदावतात, ते पाणी बाहेर पडत नाही. ते पायांत, पोटात आणि छातीत साठतं. बाबांची छाती आधीच आजारी आहे, म्हणून तुमच्या घरी मी सलाईनबाबत हात राखूनच वागले असते.

कोरड्या तोंडाला उत्तर सलाईन नाही, तोंडाची निगा आहे. दर तासा-दोन तासांनी करायची. लहान मुलांचा मऊ ब्रश किंवा बोटाला गुंडाळलेलं गॉझ, कोमट पाण्यात चिमूटभर खायचा सोडा, आणि जीभ, हिरड्या, गाल हलक्या हाताने पुसायचे. ओठांना तूप किंवा खोबरेल. पूर्ण जागे असतील तर डोकं वर करून चमच्याने दोन थेंब पाणी, बर्फाचा छोटा तुकडा, कोकमाचं सरबत, जे मागतील ते. ठसका लागला की थांबायचं. झोपेत किंवा गुंगीत असताना तोंडात काही ओतायचं नाही, गंगाजलसुद्धा नाही. ते ओठांना लावायचं.

आता मॉर्फिन. भावाच्या मनातली भीती त्याची एकट्याची नाही, आपल्या कायद्यानेही ती वाढवली. 1985 साली अमली पदार्थांचा कडक कायदा आला आणि परवान्यांच्या कटकटीत दुकानांनी आणि रुग्णालयांनीही मॉर्फिन ठेवणं सोडलं. 2014 साली कायद्यात दुरुस्ती होऊन मॉर्फिनसह सहा औषधं अत्यावश्यक म्हणून वेगळी काढली गेली, मान्यताप्राप्त संस्थांना ती ठेवणं सोपं झालं. पण मधल्या तीसेक वर्षांत डॉक्टरांची एक पिढी हे औषध न वापरताच तयार झाली. लोकांना ते दिसलं तेही अगदी शेवटच्या दोन दिवसांत, म्हणून 'मॉर्फिन दिलं आणि गेले' अशी सांगड बसली.

प्रत्यक्षात हाडाच्या दुखण्यावर नियमित दिलेलं योग्य मात्रेचं मॉर्फिन माणसाला मारत नाही. ज्याला दुखण्याने रात्र-रात्र झोप नाही, तो झोपतो, बोलतो, नातवाचा हात धरतो. बाबांना धाप लागत असेल तर तीही त्याने कमी जाणवते. साधी गोळी चार तासांच्या हिशोबाची असते. घड्याळ लावून द्यायची, दुखायला लागण्याची वाट पाहायची नाही. दुखणं चढलं की तेच उतरवायला जास्त औषध लागतं. मधेच कळ आली तर द्यायची जादा मात्रा किती, हे डॉक्टरांकडून कागदावर लिहून घ्या. वयस्क, बारीक माणसाला 10 मिलिग्रॅमच्या गोळीचा अर्धा किंवा पाव भाग देऊनही सुरुवात करतात. पहिले दोन-तीन दिवस गुंगी वाटेल, थोडी मळमळ होईल, मग ते कमी होतं. बद्धकोष्ठता मात्र जात नाही, म्हणून मॉर्फिनसोबत जुलाबाचं औषध पहिल्या दिवसापासून हवंच. डॉक्टरांनी लिहिलं नसेल तर आजच विचारा.

आणि व्यसन? नशेसाठी औषधामागे धावणं ते व्यसन. दुखणाऱ्या माणसाला ते होणं फार विरळ. शरीराला औषधाची सवय मात्र होते, म्हणून ते एकदम बंद करायचं नाही. गिळता येईनासं झालं की 'आता गोळी जात नाही, राहू दे' असं करू नका, कातडीखालच्या सुईने देता येतं. धोक्याची खूण कोणती? हाक मारून, हलवूनही उठत नाहीत, श्वास मिनिटाला आठच्या खाली, हातपाय दचकल्यासारखे उडतात. लघवी कमी झाली असेल तर औषध शरीरात साठतं, तेव्हा मात्रा कमी करावी लागते. असं दिसलं तर पुढची गोळी थांबवून डॉक्टरांना फोन. गोळ्या मोजून कुलपात ठेवा.

दुखणं फक्त हाडात नसतं. लंडनमध्ये 1967 साली सेंट ख्रिस्तोफर्स हे हॉस्पिस, म्हणजे शेवटच्या टप्प्यातल्या रुग्णांना सांभाळणारं केंद्र, सुरू करणाऱ्या सिसिली सॉन्डर्स आधी परिचारिका होत्या, मग रुग्णालयात समाजसेविका, आणि नंतर डॉक्टर. शरीराचं, मनाचं, पैशाचं, नात्याचं आणि देवाशी असलेलं दुखणं एकत्रच येतं, हे त्यांनी मांडलं. मला ते एका आजोबांनी शिकवलं. कितीही मात्रा वाढवली तरी रात्री दोनला त्यांचं दुखणं उठायचंच. एक दिवस मुलगा बाहेर गेल्यावर म्हणाले, शेजारच्या बापूंकडून 40 हजार घेतलेत, कागद नाही, घरी माहीत नाही. त्यांच्या परवानगीने मुलाला सांगितलं. मुलाने बापूंना घरी बोलावून आजोबांसमोर ते पैसे फेडायचं कबूल केलं. आजोबा त्या रात्री त्याच मात्रेत सकाळपर्यंत झोपले. आपण 'जीव कशात तरी अडकलाय' म्हणतो ते उगाच नाही.

त्यामुळे बाबांना काही सांगायचं नाही, हा निर्णय पुन्हा तपासा. सगळं उघड करून समोर मांडा असं मी म्हणत नाही, काहींना ते नको असतं. फक्त विचारा, 'बाबा, तब्येतीबद्दल तुम्हाला काय वाटतंय?' आणि गप्प बसा. त्यांचं शरीर त्यांना बहुधा आधीच सांगून चुकलेलं असतं. ते म्हणाले, 'आता काही खरं नाही', तर 'असं बोलू नका' म्हणून तोंड बंद करू नका. 'कशाची काळजी वाटते?' एवढं विचारा. विषय बदलला तर तुम्हीही बदला.

घरी सांभाळणं प्रत्येक घराला जमतं असंही नाही. दर दोन तासांनी कूस बदलायची, एअर बेड, ओली चादर, रात्रीची जागरणं. तुम्ही दोघं भावंडं आणि आत्या मिळून पाळ्या लावल्यात तर होईल. दुखणं किंवा धाप घरी आटोक्यात येईना तर काही दिवस पॅलिएटिव्ह केअर केंद्रात ठेवून पुन्हा घरी आणता येतं. पुण्यात वारज्याला सिप्लाचं केंद्र 1997 पासून आहे, कॅन्सर रुग्णांकडून तिथे पैसे घेत नाहीत. मुंबईत बांद्र्याला शांती आवेदना सदन 1986 साली सुरू झालं, देशातलं पहिलं हॉस्पिस ते. जिल्हा रुग्णालयात असा विभाग आहे का, याचीही चौकशी करा.

शेवटच्या एक-दोन दिवसांत काय दिसेल ते आधीच सांगते, म्हणजे घाबरून धावाधाव होणार नाही. झोप वाढत जाईल. हातपाय गार पडतील, गुडघ्यांवर निळसर जाळी दिसेल. श्वास मोठा होत जाईल, मग लहान, मग काही सेकंद थांबेल आणि पुन्हा सुरू होईल. घशात घरघर लागेल. ऐकणाऱ्याला ती भयंकर वाटते, पण ती गिळता न आलेल्या थोड्या लाळेची असते आणि त्या गुंगीत त्यांना तिचा त्रास होत असावा असं दिसत नाही. एका कुशीवर झोपवा, डोकं थोडं वर. ती कमी करायचं इंजेक्शनही असतं. धाप असेल तर खिडकी उघडा, चेहऱ्यावर छोट्या पंख्याने वारा घाला. बोलत राहा, ऐकू येणं उशिरापर्यंत टिकतं असं मानतात आणि माझाही अनुभव तसाच आहे.

या वेळी कोणीतरी 108 ला फोन करेल, रुग्णवाहिका येईल, कॅज्युअल्टीत छाती दाबली जाईल, बाबा अनोळखी माणसांत जातील. हे नको असेल तर आत्ताच सगळ्यांनी एकत्र बसून ठरवा. घरी राहण्यासाठी कोर्टाचा कागद लागत नाही. सज्ञान माणसाला उपचार नाकारण्याचा हक्क आहे. सर्वोच्च न्यायालयाने 9 मार्च 2018 च्या निकालात सन्मानाने मरण्याचा हक्क मान्य केला आणि जानेवारी 2023 मध्ये, शेवटच्या आजारात कोणते उपचार नकोत हे आधीच लिहून ठेवायच्या इच्छापत्राची पद्धत सोपी केली. दोन साक्षीदार आणि नोटरी किंवा राजपत्रित अधिकारी पुरतात. बाबा शुद्धीत आहेत आणि त्यांना हवं असेल तर करा. मी मात्र त्यापेक्षा आधी गावातल्या फॅमिली डॉक्टरांना फोन करेन. ते या आठवड्यात एकदा बाबांना बघून जातील का, आणि घरी मृत्यू झाला तर कारणाचा दाखला देतील का, हे विचारून ठेवा. त्याशिवाय स्मशानात अडतं. डिस्चार्ज कार्ड, रिपोर्ट आणि आधार एका पिशवीत ठेवा. ग्रामपंचायतीत किंवा नगरपालिकेत नोंद 21 दिवसांत करायची असते, त्यामुळे त्या दिवशी त्याची घाई नसते.

आता आत्या. त्या रोज पेज करून आणतात, बाबा तोंड फिरवतात, त्या रडत स्वयंपाकघरात जातात, असं तुम्ही लिहिलंय. त्यांच्याशी नळीवर वाद घालू नका. भावाला भरवणं हीच त्यांची माया आहे, ती हातातून काढून घेतली तर त्या नळीच मागणार. त्यांना दुसरं काम द्या. तोंडाची निगा त्यांच्याकडे सोपवा, वाटी, सोडा, गॉझ त्यांच्या हाताशी ठेवा, पहिल्यांदा तुम्ही करून दाखवा. आणि त्यांना विचारा, लहानपणी बाबांना काय आवडायचं. गुळवणी, आमरस, दुधावरची साय, जे सांगतील ते. बाबा जागे असताना आत्यांनी ते बोटाने नुसतं जिभेला लावायचं. गिळायचा आग्रह नाही, फक्त चव.